सामान्य दृश्य, धक्का

सकाळी यादी आली:
गलबतं हवीत, पन्नासच्या दशकातली,
जमलं तर सूर्यास्त. माणसं कमी.

मनामात सूर्यास्त मुबलक मिळतात.
ज्यांच्याकडे कॅमेरे होते ते साहेब
संध्याकाळीच मोकळे होत असावेत.
मला सापडत नाही ती दुपार.

गोदामात एसी अठरावर,
शाल घेऊन बसते मी, जूनमध्ये.
डबा उघडला की शिरक्याचा वास:
फिल्म आंबायला लागलीय,
आता हातात वर्षं नाहीत, महिने आहेत.
झाकणावर गंज, गंजाखाली पेन्सिल,
सामान्य दृश्य, धक्का. आवाज नाही.

हँडल हळू फिरवते.
पाणी. पाणी. कुणाची तरी टोपी. आडवं आलेलं बोट.
मग फळीवरून उतरणारा एक माणूस,
डोक्यावर गोणी, लुंगी गुडघ्यापर्यंत,
सरळ भिंगात बघतो
आणि काहीतरी बोलतो.

स्कॅन करून अकरा वेळा पाहिलं.
ओठ मिटतात, उघडतात, चंबू होतो, पुन्हा उघडतात.
बाजूला?
बाजूला हो, म्हणतोय का कॅमेरावाल्याला?
की मीच घातलं ते त्याच्या तोंडात,
दिवसभर मराठी बोलायला कुणी नसतं म्हणून?

शुक्रवारी फोटो घेऊन मुहर्रकला गेले,
इसाक वांगडेंकडे. वय ऐंशीच्या पुढे,
वडील धक्क्यावर मुकादम होते त्यांचे.
चष्मा काढला, फोटो नाकाशी धरला.
हा कोण, काय ठावं नाय.
पण चुंबळ बघ. पिळा उजवीकडं, शेपूट कानामागं.
ही आपल्या खाडीकडची.
आणि चहावर साय धरेपर्यंत
चुंबळीकडेच बघत राहिले,
चेहऱ्याकडे एकदाही नाही.

नोंदीत लिहिलेलं होतं: मजूर, अज्ञात.
मी पुढे भर घातली, चुंबळ.
सॉफ्टवेअरला देवनागरी येत नाही,
तीन अक्षरांचे पाच रिकामे चौकोन उमटले.
तसेच ठेवलेत.

हक्क लंडनच्या एका कंपनीकडे,
जिने तेल कंपनी विकत घेणारी कंपनी विकत घेतली.
दर सेकंदावर, किमान दहा सेकंद.
कलम नऊ: दृश्यातील व्यक्तींची संमती
ही वापरणाऱ्याची जबाबदारी.
तिथे मी नेहमी पटकन सही करते.

दिग्दर्शिका शम्मा हुशार आहे, घाईत आहे.
तिला शॉट आवडला. चार सेकंद घेतले,
फळी हलते तिथपासून
तो तोंड उघडतो त्याच्या आधीपर्यंत.
वर ऊदच्या तारा वाजणार आहेत.

उरलेल्या सहा सेकंदांचे पैसे भरलेलेच आहेत.
ती माझ्याकडे पडून आहेत, बिननावाच्या फाईलीत.
काल जेवणाच्या सुट्टीत पुन्हा लावली.
फळी, गोणी, ओठ.
डबा हातात धरूनच
मी खुर्ची जरा सरकवली.