एक्सचेंज

नवी बॅटरी घेतली अनगोळच्या दुकानातून,
जुनीचे दोन हजार वजा झाले.
"जुनी जाते कुठं?" मी विचारलं.
"जातंय की ओ बाई, जाग्याला जातंय,"
म्हणत त्यानं पावती फाडली.

दोन पोरांनी जुनी उचलली.
जिन्यात थेंबभर सांडलं.
शहाबादी फरशी फसफसली, मग पांढरी पडली.
फडकं मारलं, ब्रश मारला.
डाग तिथंच आहे, नाण्याएवढा.

रात्री करंट गेला. पंखा थांबला नाही.
मी सहामाहीचे पेपर तपासत होते.
यल्लेश कल्लाप्पा हलगेकर, चौथी ब,
सात सक बेचाळीसपर्यंत आला
आणि तिथंच बसला.
तिसरीत हाच पोरगा
बाराचा पाढा उलटा म्हणायचा, हसत.

त्याचं घर नाल्याच्या अंगाला, पत्र्याचं.
मागच्या शेडमध्ये बाप घणानं बॅटऱ्या फोडतो,
पाणी नाल्यात ओततो,
आणि काकवीच्या जुन्या कढईत
जाळ्या वितळवून
राखाडी विटा पाडतो.
त्याच आवारात कपडे वाळतात,
कोंबड्या टिपतात,
यल्लेश गृहपाठ करतो.

सोमवारी त्याची आई कागद घेऊन आली,
सरकारी दवाखान्यातला.
तिला कन्नड बोलता येतं, मला वाचता येतं,
म्हणून दोघी मिळून बसलो.
रक्तात सीस.
मराठीत शिसं, कन्नडात सीस.
पाट्यांवर डांबर फासणाऱ्या ह्या गावात
ह्या एका शब्दावरून
कुणाचं कधी भांडण झालं नाही.

"खरं बाई," ती म्हणाली,
"त्यानं पेन्सिल खाल्ली काय ओ?
शिस म्हणजे त्येच नव्हं?
चावायची सवय हाय त्याला. मारत्ये मी त्यासाठी."

पेन्सिलीत शिसं नसतं.
हे मला माहीत आहे, मी शिकवते.
तिला सांगायचं तर
मग कुठून आलं, तेही सांगावं लागलं असतं.
दुकानापासून,
जिन्यापासून.
मी म्हणाले, "मारू नका त्याला."
एवढंच.

ती गेल्यावर वॉरंटीचं कार्ड काढलं.
साठ महिने.
म्हणजे यल्लेश तेव्हा नववीत.
असायला हवा नववीत.

पुन्हा करंट गेला.
कोपऱ्यात इन्व्हर्टर एकदा पीं वाजला
आणि त्यानं घर अंगावर घेतलं.