दार उघडणारा

चाळीस वर्षं एडगर ट्रेंबाथ दारं उघडत आला :
बटलर म्हणून, हवालदार म्हणून,
एकदा जेलर म्हणून, तोही पाठमोरा.

न्यूलिनच्या धक्क्यावर बाप मासळीसाठी बर्फ फोडायचा.
कंबर धरून वाकायची त्याची लकब
याने अकरा म्हाताऱ्यांना वाटून दिली.

खून पडायच्या आत याचं काम संपे.
मग शेवटची बस,
कानामागे खोट्या मिशीचा डिंक,
आणि कंडक्टर :
"तुम्हाला कुठंतरी पाहिलंय. गॅस कंपनीत होता का?"
"होतो की," एडगर म्हणायचा
आणि उतरेपर्यंत
गॅस कंपनीतला माणूस चोख वठवायचा.

मंगळवारी डॉक्टर आला तेव्हा
कडी विनिफ्रेडने काढली.
अडकली जराशी.
घरातही ते काम त्याचंच होतं.