मुलगा, धावताना

डबा उघडला की आधी नाकाला कळतं.
आंबूस वास, लोणच्याला बुरशी धरल्यासारखा.
मग हातमोजे, मग दिवा, मग श्वास रोखून
मी पहिलं वेटोळं सोडवते.
रीळ चारशे बारा. वाल्पराइसो. मूक. सहा सेकंद.
उताराची गल्ली. मुलगा, धावताना.

हे सहा सेकंद सगळ्यांना हवे असतात.
भूकंपाच्या दर वर्षदिनी टीव्हीवाल्यांना,
एकदा वणव्याच्या बातमीला,
एकदा संचारबंदीवरच्या माहितीपटाला: गती कमी करून, मागे चेलो.
एका विमा कंपनीनं तर रंग भरले.
शर्ट निळा.
कुणी सांगितलं निळा?
मी पावत्या फाडत गेले.
कार्डावर माझ्याआधीच्या कुणीतरी
पेन्सिलीनं लिहिलं होतं: भूकंप?
हाताळून हाताळून प्रश्नचिन्ह तेवढं पुसलं गेलं.

मंगळवारी एलेउतेरियो मान्सिया आले.
काठी, धाप, टोपी हातात.
म्हणाले, तो मुलगा म्हणजे मी.
असं म्हणणारे तुम्ही चौथे, मी म्हटलं,
तरी रीळ चढवलं.
'थांबवा. डावा पाय बघा. बूट नाही.
दोघा भावांत एकच जोड होता आमचा. उजवा माझ्याकडे.'
तीस वर्षं मी याची भोकं सांधतेय,
ओरखडे मोजतेय.
पायांकडे कधी पाहिलंच नव्हतं.

'कशापासून पळत होता?'
'पासून?'
त्यांना प्रश्नच कळेना.
'बेकरीकडे! चारला मार्राकेता निघायची भट्टीतून.
पहिला पोचेल त्याला करपलेलं टोक फुकट.'
'आणि भूकंप?'
'तो नंतर. त्याच वर्षी, की पुढच्या...
टोक मिळालं होतं, एवढं नक्की.'

ते गेल्यावर मी कार्ड काढलं, शाईनं लिहिलं:
मुलगा, धावताना. पावाकडे.

संध्याकाळी सांतियागोहून फोन:
त्सुनामीवर कार्यक्रम आहे, ते सहा सेकंद पाठवा.
मी म्हटलं, तो पाव आणायला चाललाय.
पलीकडे क्षणभर शांतता.
'चालेल. चेहरा घाबरलेला दिसतो ना?'

पुन्हा पाहिलं.
तोंड उघडं आहे. भूक असेल,
किंवा उतारावर सगळ्यांचंच उघडतं तसं.
फॉर्म कोराच ठेवला.
डबा परत थंडीत, चार अंशांवर.

भावाचं नाव विचारायचं राहिलं.
डावा बूट घालून तो कुठं गेला होता त्या दिवशी?
पुढचे सगळे डबे उघडून बघतेय.