नमुना सही

सांगली फाट्याच्या अलीकडं
उसाची डबल ट्रॉली अंधारात उभी होती.
मागं रिफ्लेक्टर नाही,
लाल फडकंसुद्धा नाही बांधलेलं.
माझी एम-एटी, सुटलेली दुसरी पाळी,
डब्यात उरलेली अर्धी भाकरी.
पुढचं मी सांगत नाही. पुढचं पंचनाम्यात आहे.

ट्रॅक्टरचा विमा होता. ट्रॉलीचा नव्हता.
मी कशाला धडकलो, यावर दोन वर्षं गेली.
कसबा बावड्याच्या कोर्टात
कंपनीचे वकील नकाशावर पेन्सिल टेकवून विचारायचे,
"म्हणजे तुम्ही नेमके कुठं आदळलात?"
जसं काही मी जागा बघून आदळलो होतो.

सीपीआरच्या डॉक्टरांनी
उजवा हात टेबलावर ठेवून घेतला,
कोनमापक लावला मनगटाला, मग अंगठ्याला.
मी ओळखला. आमच्याकडं असाच असतो, जरा जड.
सत्तावीस वर्षं मी लोखंडाला हेच करत आलो:
धर, बघ, लिही, बाजूला ठेव.
"कुठवर जातोय?"
"इथवरच, साहेब."
त्यांनी लिहिलं, तीस टक्के, कायम.
मी म्हणालो, लेथवर अंगठा तीस टक्के कमी नसतो,
असतो नाहीतर नसतो.
ते म्हणाले, हे कोर्टात सांगा.

कोर्टात सांगितलं.
मापाला केसाएवढा फरक असला
तरी मी बोट फिरवून सांगायचो, हेही सांगितलं.
जज्जसाहेबांनी एकदा मान वर करून हाताकडं बघितलं.
मग मगदूम शेठ पिंजऱ्यात आले.
दर दहा तारखेला बावीस हजार, रोख, पाकिटात.
ते "बारा" म्हणाले.
शपथेवर. चष्मा पुसत.
बाहेर चहाच्या गाड्यावर माझ्या खांद्यावर हात ठेवला,
"सर्जेराव, फंडवाले मागं लागले असते रे.
पोरीच्या लग्नात बघतो मी."
चहाचे पैसे त्यांनीच दिले.

वयाचाही एक आकडा असतो.
सेहेचाळीस पुरी व्हायला अकरा दिवस होते,
म्हणून चौदानं गुणलं.
बारा दिवसांनी पडलो असतो तर तेरानं.
शालन म्हणाली, "बघा, देवानं कसं वेळेवर पाडलं."
आणि हसली. मीही हसलो, बऱ्याच महिन्यांनी.
मग तिनं माझ्या शर्टाची बटणं लावली,
वरचं आधी, जसं पोरांचं लावतात.

सात लाख छप्पन्न हजार.
यातनेचे पन्नास, वेगळे.
यातनेला अठ्ठेचाळीस का नाहीत, साठ का नाहीत,
विचारायचं राहूनच गेलं.
निम्मे ठेवीत, पाच वर्षं. निम्मे आत्ता.

आत्ता म्हणजे आज, उद्यमनगरातल्या बँकेत.
काचेपलीकडं नवीन आलेली मुलगी,
बोलण्यावरून लातूरकडची.
"काका, सही जुळत नाही."
तिनं स्क्रीन माझ्याकडं वळवली.
सर्जेराव गणपती लोहार.
शेवटच्या अक्षराची शेपटी लांब ओढलेली, खाली दोन ठिपके.
ज्यानं केली तो घाईत असावा,
बाहेर गाडी चालूच ठेवून आलेला.
"अशीच करा ना, एकदाच."
"बाई, त्या हाताचेच तर पैसे आहेत हे."
तिला कळलं नाही. मग कळलं.
मग ती साहेबांना विचारायला आत गेली.

मागच्या गल्लीत कुणीतरी लेथ चालवतंय.
कट जास्त घेतलाय, हत्यार थरथरतंय,
इथवर ऐकू येतंय.
"कमी कर," मी म्हणालो.
मागचा माणूस म्हणाला, "काय?"
"काही नाही."

नवा फॉर्म समोर आहे. नमुना सही, तीन वेळा.
पेन घेतलं डाव्या हातात.
पेनाची दोरी खिडकीच्या उजवीकडं बांधलेली,
चार बोटं कमी पडते.