मागनं

चिकोडीच्या कोर्टात मी दुभाषी होतो, बावीस वर्षं.
साक्षीदार मराठीत बोलायचा, मी कानडीत सांगायचो,
आणि टायपिस्ट अंगडी बडवत राहायचा,
खून असो की बांधाचं भांडण, एकाच चालीत.

नेमगोंडा चौगुले पडला निपाणीत,
तंबाखूच्या वखारीमागच्या बोळात,
बिडीवाल्या बायांची सभा संपवून निघालेला,
चपला हातात.
चपला हातात का, यावरच गावात तीन पक्ष आहेत.

वखारवाल्यांनी सुपारी दिली, असं बाया म्हणतात.
पुतण्यानं, असं वखारवाले.
मराठी पेपरात मारेकरी कानडी होता,
कानडी पेपरात मराठी,
दोन्ही पेपर सोलबण्णाच्या एकाच मशीनवर निघायचे.
पंचनाम्यात गोळ्या दोन, डॉक्टरांच्या कागदात एक.
बोळातले दिवे बरोबर नऊला गेले;
वायरमन पुढच्या महिन्यात हुबळीला गेला, बढतीवर.
आणि संकेश्वरचा एक ड्रायव्हर शपथ घेतो,
नेमगोंडा मेलाच नाही,
सौंदत्तीच्या जत्रेत कपाळभर भंडारा लावून
त्यानं माझ्याकडून सुट्टे मागून घेतले.

मी चहा पितो, मान हलवतो.
मला माहीत आहे ते एवढंच:
केराबाई पिंजऱ्यात उभी, बोटं तंबाखूनं पिवळी,
म्हणाली, "अण्णा पडलं. मागनं आवाज आला."

जज्जांनी माझ्याकडे पाहिलं.
मागनं.
म्हणजे पाठीमागून?
की मागाहून, पडल्यावर?
आमच्याकडे दोन्हीला एकच शब्द पुरतो.
कानडीत पुरत नाही.
जेवणाच्या सुट्टीला सहा मिनिटं होती.
मी म्हणालो, हिंदिनिंद.

आमेले म्हणालो असतो
तर पाठीमागचा तो दुसरा माणूस जन्मलाच नसता.

आता त्याला मिशा आहेत, बुलेट आहे, गोव्यात घर आहे,
काहींच्या मते एकदा तिकीटही मिळणार होतं.
दर मार्चात पुतळ्यापाशी त्याच्याविरुद्ध घोषणा होतात,
दोन्ही भाषांत.
एका वर्षी मीही दिली.

नोकरी सुटल्यावर केराबाईकडे गेलो.
कानानं अधू झालेली, मांडीवर सूप, पानं कातरत होती.
"मावशी, आवाज कुठनं आला? का कवा आला?"
तिसऱ्यांदा तर ओरडलोच.
तिनं दोरा दातानं तोडला,
माझ्या खांद्यावरून उन्हात बघितलं,
कुणी उभं असल्यासारखं.
"बस," म्हणाली. "च्या घे आदी.
मागनं सांगतो."