निळा आधी जातो

ड्रेस्डेनच्या उत्तरेला, विमानतळाच्या कुंपणालगत,
एका खोलीत दिवे लावतात ते विझावेत म्हणून.
विझायला किती वेळ लागतो, एवढंच पाहायचं असतं.
रात्रपाळी माझी.

फडताळांत काचेचे तुकडे, नखाएवढे.
केस उभा चिरून त्याचे आठशे पापुद्रे काढले
तर त्यातला एक, इतकीच त्या उजेडाची जाडी.
आत तार नाही, ठिणगी नाही,
नुसता कार्बन. डांबरातला, साखरेतला,
माझ्या कोपराच्या कातडीतला.
वीज दिली की तो सपाट उजळतो,
दुधावर साय धरावी तसा, आवाज न करता.

लाल चिवट. हिरव्याचीही फारशी तक्रार नाही.
निळा आधी जातो.

थीलो वेन्त्स्के, पीएचडीचं पाचवं वर्ष, डोळ्यांखाली काळं,
मला समजावतो:
"निळ्याला उडी उंच मारावी लागते, राइनहिल्ड.
पुन्हा पुन्हा तीच उडी.
कधीतरी एखाद्या रेणूचा सांधा निखळतो.
आणि निखळलेला गप्प बसत नाही,
शेजाऱ्यांचा उजेडही गिळत राहतो."
मी म्हटलं, असा एक आमच्या जिन्यातही राहतो,
दुसऱ्या मजल्यावर.

उजेड अर्ध्यावर आला की आयुष्य संपलं, असा इथला नियम.
उरलेल्या अर्ध्यात, सगळे मिळून,
मोजा रफू करण्यापुरतं दिसतं.
मी करून पाहिलाय.
नोंदीत मात्र ते मेलेले.

आई वोल्फेनच्या फिल्म कारखान्यात होती.
एकतीस वर्षं काळोखात.
उजेड म्हणजे घाण, ती म्हणायची,
एक थेंब आत आला की अख्खं रीळ वाया.
बोळाच्या वळणावर बायका शीळ घालायच्या
टक्कर होऊ नये म्हणून,
आणि शिळेवरून कळायचं कोण पोटुशी आहे,
कोण रात्री रडून आली आहे.
घरीही ती बटाटे सोलायची दिवा न लावता.
साल एकसंध निघायची, लांबच लांब.
आम्हा पोरांना ती खाली पडू द्यायची नसायची.

इथे उजेड घाण नाही. इथे हवा घाण.
दमटपणाचा एक श्वास, टाचणीच्या टोकाएवढं भोक,
आणि काठावर काळा ठिपका उमलतो,
गोल, सावकाश, लोकरीला कसर लागावी तसा.
तसला एक तुकडा, वाकणारा, प्लास्टिकवरचा,
भंगारात निघालेला,
मी मागच्या रविवारी आईकडे नेला, बॅटरी जोडून.
तिला आता कडेकडेचंच दिसतं. मधे धुकं.

तिने तो हातात घेतला, वास घेतला,
मग जीभ फिरवून खालचा ओठ ओला केला
आणि आधी एक बाजू टेकवली, मग दुसरी.
लेप लावलेली बाजू ओठाला चिकटते,
काळोखात एवढीच खूण असायची.
"कुठलीच चिकटत नाही," ती म्हणाली.
"मग लेप आहे कुठे?"

आत, आई. दोन्हीकडून बंद केलाय.

ती बराच वेळ काही बोलली नाही.
तिच्या हनुवटीवर निळं पडलं होतं.
"रंग कुठला?"
निळा.
"किती टिकेल?"
मी आकडा सांगितला नाही. आकडा मला माहीत होता.
ती म्हणाली, "मी विचारलं दिव्याचं,"
आणि नर्सला हाक मारून कॉफी मागवली,
तिघींसाठी.

आज पहाटे तीनला नमुना दोनशे बारा
एकावन्न टक्क्यांवर आहे.
थीलोने साडेतीन वर्षं घातलीत त्यात.
नोंद यंत्र आपोआप घेतं, माझी गरज नाही.
तरी मी खुर्ची जवळ ओढली.
त्याचा फोन येतो. "आहे का अजून?"
आहे, मी म्हणते. झोप जा.

पन्नास पूर्णांक आठ.

बोळात दिवे लख्ख जळतायत.
वळणावर पोचते तेव्हा ओठ आपोआप गोल होतात.