बापेर

लारास मलांगची. माझ्याबरोबर राहते
चुनाभट्टीला, दुसऱ्या मजल्यावर, भाडं अर्धं अर्धं.
मालाड नाही हो, मलांग,
असं एजंटला तीनदा सांगून झालं.

रविवारी ती हलत नाही. मागेर, म्हणते.
म्हणजे जागचं उठायचा आळस,
तिकडच्या पोरांनी दोन शब्द मोडून एक केलेला.
मी म्हटलं, आमच्यात याला नुसतं रविवार म्हणतात.

बोहारीण आली की मात्र धावते.
दारात फतकल मारून गाठोडं उपसते.
कुणीतरी टाकलेलं शोधून अंगात घालायचं,
हीच म्हणे तिकडे सध्या ऐट.
जशोदाबेनला पटत नाही.
जन्मभर भांडी देऊन कपडे नेले तिने,
उलट तिच्याकडेच कपडे मागणारी
ही पहिलीच.

दीडशेला घेतला सफारीचा शर्ट,
राखाडी, चार खिशांचा,
कॉलरच्या आत धोब्याची खूण, दोन टिंबं, एक रेघ.
बाह्या दुमडल्या, खाली ढगळ जीन्स, कानात शिंपले,
आणि सायनच्या सिग्नलला
पांढऱ्या पट्ट्यांवरून चालली अठ्ठेचाळीस सेकंद,
मी पुढे मोबाईल धरून उलटी उलटी.
टॅक्सीवाल्यांनी हॉर्न दिले.
हवालदार म्हणाला, शूटिंगची परमिशन?
एक म्हातारे गृहस्थ शर्टाकडे बघत राहिले,
शिलाई चांगली आहे, एवढंच बोलले.

रात्री तिने कॉफी केली,
घरून आणलेल्या ताडगुळाचा खडा टाकून.
दूध तापवलं त्याच स्टीलच्या पातेल्यात
जे आईने पप्पांच्या तीन पँटी आणि एका सफारीवर घेतलं,
तेराव्यानंतर महिन्याभराने,
घासाघीस करून, वर एक चमचा मागून.

गप्प का, तिने विचारलं.
मग स्वतःच म्हणाली, तू बापेर झालीस.
म्हणजे?
म्हणजे मनाला लावून घेणं, बरोबर वागवत राहणं.
चिडवायला म्हणतात गं, हसून म्हणायचं असतं.

मी शब्द दोनदा म्हणून पाहिला.
त्याच्या दारातच कोण उभं आहे
ते तिला नाही सांगितलं.

पप्पांची सफारी निळी होती, राखाडी नव्हे,
आणि खिसे दोनच.
तरी ती झोपल्यावर
मोबाईलची टॉर्च लावून
मी ती खूण पुन्हा पाहिली.